एत्तोरेचे चौदा डबे

दिनांक ८ ऑक्टोबर १९९८, गुरुवार, सकाळचे साडेनऊ. मुरबाडच्या बसस्थानकावर एत्तोरे मला भेटला. मी दसऱ्यासाठी शहापूरला धाकट्या भावाकडे गेलो होतो, तिकडून परतत होतो. तो कल्याणहून आला होता. दोन महिन्यांच्या आजारपणाने त्याची गालफडे बसली होती. बाकी तो होता तसाच होता. चार खिशांचा खाकी सदरा, पायांत कॅनव्हासचे बूट, गळ्यात काळ्या दोरीला लटकणारे प्रकाशमापक. त्याने हात जोडले आणि पहिला शब्द उच्चारला : "डबे?"

"सुखरूप आहेत," मी म्हणालो.

दहा दिवसांपूर्वी मी गाव सोडले तेव्हा ते ठकुबाईच्या माळ्यावर होते. तेवढ्या आधारावर मी हे उत्तर दिले.

डबे चौदा होते. पत्र्याचे, चपटे, भाकरीएवढ्या घेराचे. त्यांत फिल्मच्या गुंडाळ्या होत्या. चित्रित झालेल्या, पण रसायनात धुऊन चित्र वर यायचे बाकी असलेल्या. एत्तोरे इटलीतला छायालेखक होता, म्हणजे ज्याला आपल्याकडे कॅमेरामन म्हणतात तो. आयुष्यभर त्याने दुसऱ्यांचे चित्रपट चित्रित केले. हा एकच त्याचा स्वतःचा होता, आणि याच्यानंतर आपण कॅमेरा हाती धरणार नाही, असे त्याने मला स्पष्ट सांगितले होते. तो सगळा चित्रपट त्या चौदा डब्यांत होता.

त्या दिवसाविषयी शेवटी लिहितो. आधी माणूस.

आमचे गाव धसईपासून पायी पाऊण तासावर आहे. एत्तोरे तेथे पहिल्यांदा आला तो आदल्या वर्षीच्या डिसेंबरात. एकटाच होता. बरोबर एक कॅमेरा, तीन पेट्या आणि कॅमेरा उभा करायची लाकडी तिवई. धसईच्या बाजारात त्याने इंग्रजी जाणणाऱ्या माणसाची चौकशी केली आणि कोणीतरी त्याला माझ्या दारात आणून उभे केले. मी त्याच वर्षी हायस्कुलातून निवृत्त झालो होतो. सदतीस वर्षे इंग्रजी शिकवले. त्यातही सारांशलेखन हा माझा खास विषय. दिलेल्या उताऱ्याचा एकतृतीयांश करायचा, अर्थ न गमावता. मुलांच्या वह्यांतले फालतू शब्द मी तांबड्या शाईने खोडत असे. ती सवय हळूहळू बोलण्यात उतरली होती. एत्तोरेचे दुभाषेपण माझ्याकडे आले ते या सवयीसकट आले.

त्याला ठकुबाईच्या घरी पडवीत जागा मिळाली. ठकुबाई विधवा होती, साठीच्या आसपासची. दोन एकर भातजमीन स्वतः कसत असे. मुलगा आणि सून कल्याणला राहत. तिने पहिल्या दिवशी पाहुण्याला आपादमस्तक न्याहाळले आणि मला विचारले, "मास्तर, ह्याचं नाव काय?"

मी सांगितले.

"यवढं कोन म्हननार? तोरे म्हनू. आमच्या आत्याच्या गावात तोरे हायेत."

तेव्हापासून तो गावाचा तोरेसाहेब झाला आणि ठकुबाईचा नुसता तोरे. मला तो मास्तर म्हणे. त्याच्या भाषेत या शब्दाच्या जवळचा एक शब्द आहे आणि तो मोठ्या आदराने वापरतात, असे त्याने सांगितले. मी विषय बदलला. आदराचा विषय मला अवघडवतो.

त्याच्या कामाची रीत गावाला प्रथम कळलीच नाही. उजाडायच्या आत तो शेतावर जाऊन बांधावर बसे. डाव्या हाताची मूठ पोकळ करून तीतून पाही. मग गळ्यातले यंत्र हाती घेई. त्या यंत्राच्या डोक्यावर अर्ध्या लिंबाएवढा पांढरा घुमट होता. त्याच्यावर पडणारा उजेड यंत्र मोजी आणि काटा एका आकड्यावर थांबे. तो आकडा एत्तोरे वहीत लिही. मग पुन्हा बसून राही. असा तो पहिले सोळा दिवस बसला. कॅमेरा पेटीतच होता.

सोळाव्या दिवशी ठकुबाईने मला वाटेत गाठले. "मास्तर, हा खरंच शिनेमावाला हाये का? का घरनं रुसून आलाय?"

मी त्याला विचारले, काम कधी सुरू होणार. तो म्हणाला, उजेडाची आणि माझी अजून ओळख झालेली नाही. ते मी ठकुबाईला सांगितले, पण माझ्या पद्धतीने : "अजून नाही."

"अजून नाय," ती म्हणाली, आणि हसली.

हे दोन शब्द एत्तोरेने उचलले. तेच त्याचे पहिले मराठी, आणि ते ठकुबाईच्या उच्चाराचे. चहा घेता का? अजून नाय. जेवायला वाढू का? अजून नाय. कॅमेऱ्यावर हात ठेवून ढगाकडे बघत तो स्वतःशीच म्हणे, अजून नाय. गावातल्या लोकांनी ते त्याच्याकडून परत घेतले. कोणाचे लग्न ठरले का, असे विचारले की बाया एत्तोरेसारखी मान तिरकी करून म्हणत, अजून नाय. त्याला हे कळे. तोही हसे.

प्रकाशमापकाची गोष्ट याहून मजेची. माणसाचे चित्रण करण्याआधी तो ते यंत्र त्या माणसाच्या हनुवटीखाली धरी. धरण्याआधी परवानगी मागे. पहिल्यांदा ठकुबाई दचकून मागे सरली. "ताप मोजतो का हा? मला काय झालंय?"

मी समजावले की उजेड मोजतो.

"मंग किती भरला माजा?"

एत्तोरे म्हणाला, आठ. मी सांगितले, आठ. शेजारच्या रखमीचा चार भरला, कारण ती आंब्याच्या सावलीत उभी होती. मोजला जातो तो बाहेरून पडणारा उजेड, तोंडावरचे तेज नव्हे, हे मी दोनदा सांगून पाहिले. कोणी मनावर घेतले नाही. त्या दिवसापासून बायांत चढाओढ लागली. रखमी ऊन गाठून यंत्रापुढे येऊन उभी राहू लागली. ठकुबाई तिला म्हणे, "तू कवाबी ये गो, तुजं चारच भरनार. मी काय उगीच उन्हात रापले?" एत्तोरे गंभीरपणे प्रत्येकीचा आकडा वहीत लिहून घेई. त्या आकड्यांचा त्याला काही उपयोग नव्हता. मी ती वही पाहिली आहे. नावांपुढे आकडे नीट मांडलेले होते.

संध्याकाळी तो माझ्या ओट्यावर येई. त्याचे इंग्रजी चित्रीकरणाच्या जागी ऐकून शिकलेले होते, माझे पुस्तकातले. दोघांचे मिळून काम भागे. त्याच्या कारकिर्दीविषयी मला जे कळले ते तेथेच. वयाच्या सतराव्या वर्षी तो कॅमेऱ्याच्या पेट्या उचलण्याच्या कामाला लागला. बारा वर्षे त्याने दुसऱ्याच्या कॅमेऱ्याचे भिंग पुसले. मग स्वतः छायालेखक झाला आणि अकरा चित्रपट केले. "त्यातले तीन चांगले आहेत," तो म्हणाला, "आणि त्या तिन्हींचे यश दिग्दर्शकांचे आहे, असे सगळे मानतात. बरोबर मानतात."

अकराव्या चित्रपटात एक भांडण झाले. नायिका खिडकीपाशी बसून पत्र वाचते, असे दृश्य होते. बाहेर धुके. एत्तोरेने तिचा अर्धा चेहरा अंधारात ठेवला. निर्मात्याने दिवे लावायला सांगितले. चेहऱ्यासाठी लोक येतात, असे त्याचे म्हणणे. एत्तोरेने दिवे लावले नाहीत. धुक्याच्या दिवशी खिडकीपाशी बसणारी बाई अशीच दिसते, एवढेच त्याने सांगितले. दुसऱ्या दिवशी त्या जागी दुसरा माणूस होता. त्यानंतर त्याला चित्रपट मिळाला नाही. बूट, सूप, घरे पुसायचे साबण यांच्या जाहिराती त्याने वीस वर्षे चित्रित केल्या. "सूप मी फार सुंदर दाखवले, मास्तर," तो म्हणाला. ते तो विनोदाने म्हणाला की नाही, हे मला ठरवता आले नाही.

मी विचारले, येथे का आलास. त्याचे उत्तर असे. त्याचा मुलूख भाताचा. सपाट, पाण्याने भरलेली खाचरे, पहाटे धुके. त्याची आई दरसाल चाळीस दिवस गुडघाभर पाण्यात उभी राहून बायांच्या रांगेत भात लावायची आणि निंदायची. पुढे यंत्रे आली, औषधे आली. शेवटची हाताची लावणी व्हायची होती तेव्हा आईने त्याला पत्र लिहिले होते : ये आणि चित्र काढ, पुन्हा होणार नाही. तो तेव्हा चांगल्या तीन चित्रपटांपैकी एकाच्या कामात होता. पुढच्या वर्षी जाऊ, असे त्याने ठरवले. पुढच्या वर्षी लावणी नव्हती. आईही फार दिवस राहिली नाही.

"तो उजेड मला पाहिजे," तो म्हणाला. "खाली पाणी, वर ढग, मध्ये वाकलेली बाई. तिच्या तोंडावर उजेड खालून येतो. दिव्यांनी हे जमत नाही. मी करून पाहिले आहे."

दिव्यांशी त्याचे वैर किती होते, याचा अनुभव मला शहापुरात आला. मार्चमध्ये माझ्या पुतणीचे लग्न होते. मी त्याला नेले. मांडवावर हिरवे कापड होते आणि दुपारचे ऊन त्यातून गाळून येत होते. व्हिडिओ शूटिंगवाल्याने नवरीच्या तोंडासमोर हॅलोजन धरला होता. तिचा घाम कुंकवातून ओघळत होता. एत्तोरे उठला, शूटिंगवाल्याजवळ गेला आणि दिवा एक मिनिट बंद करावा, अशी हाताने विनंती केली. मला मध्ये पडावे लागले.

"लाइट बंद केला तर कॅसेट काळी येल, काका," शूटिंगवाला म्हणाला. "मंग पार्टी मलाच धरल. हे साहेब कोन?"

मी सांगितले, इटलीतले मोठे कॅमेरामन.

"असं? किती लग्नं केली यांनी?"

मी भाषांतर केले. एत्तोरे म्हणाला, एकही नाही.

"मी चारशे केलीत," शूटिंगवाला म्हणाला. "त्यांना म्हनावं, बसा, जेवून जावा."

एत्तोरेने हे शांतपणे ऐकून घेतले आणि मान लववली. परतताना बसमध्ये तो म्हणाला, "त्याचे बरोबर आहे. तो ज्यांच्यासाठी काम करतो, त्यांचे तो ऐकतो. मी हे कधी शिकलो नाही."

हट्टी होता, पण दुसऱ्याचे पटले की लगेच मान्य करी. राब जाळण्याच्या वेळी हे दिसले. आमच्याकडे उन्हाळ्यात भाताच्या रोपांसाठी जमिनीचा तुकडा भाजतात. शेण, पालापाचोळा, तोडलेल्या डहाळ्यांचे कवळे, गवत असे थर रचून वर माती पसरायची आणि वाऱ्याच्या उलट बाजूने आग लावायची. ठकुबाईचा राब रचून तयार होता. एत्तोरेला धूर सरळ वर चढायला हवा होता. वारा पडेपर्यंत थांबावे, अशी त्याची विनंती होती. ती एक दिवस थांबली. दुसराही थांबली. तिसऱ्या दिवशी पहाटे म्हणाली, "तोरे, हा राब माजा हाये का तुज्या शिनेमाचा?"

मी भाषांतर केले. तो म्हणाला, फक्त एक दिवस. मी तिला ते सांगेपर्यंत तिने काडी ओढली होती.

एत्तोरे तिवई टाकून, कॅमेरा खांद्यावर घेऊन धावला. वारा वाहत होता. धूर जमिनीलगत पसरला, ठकुबाई त्यात दिसेनाशी झाली, आणि मग हातात ओली फांदी घेऊन, पदराने नाक झाकून ती त्या धुरातून चालत बाहेर आली. मागे सूर्य उगवत होता. तीन मिनिटे कॅमेरा चालला. मग तो बांधावर बसला.

"अकरा चित्रपटांत एवढे मिळाले नाही," तो म्हणाला. "आणि हे मी ठरवलेले नव्हते. तिने ठरवले."

हा नववा डबा. बारा, तेरा आणि चौदा हे लावणीचे. जुलैत त्याने नऊ दिवस खाचरात उभे राहून चित्रण केले. डोक्यावर इरले, कॅमेऱ्यावर प्लास्टिक. बायांची रांग मागे मागे सरके तसा तोही पाण्यातून मागे सरके. शेवटच्या दिवशी ढग पातळ झाले, पाणी चकाकले, आणि ठकुबाईने रोप रोवता रोवता मान वर करून रखमीला काहीतरी टोमणा मारला. एत्तोरे म्हणाला, "मिळाला." त्याला काय मिळाले, हे मी विचारले नाही. मला ते माहीत होते.

आता कापणी तेवढी राहिली होती. तीही झाली असती.

ऑगस्टच्या सुरुवातीला त्याला ताप भरला. पाचव्या दिवशी उभे राहणे अशक्य झाले. कल्याणच्या दवाखान्यात न्यायचे ठरले, तेथून मुंबईमार्गे विमानाने घरी. डबे बरोबर नेण्याजोगी त्याची स्थिती नव्हती. विमानतळावरच्या तपासणी यंत्रातून फिल्म जाऊ नये म्हणून ती स्वतः हातात धरून, परवानगीचा कागद दाखवून न्यायची, अशी त्याची रीत होती. मुंबईत फिल्म धुऊन घ्यावी, असे मी त्याला पूर्वी दोनदा सुचवले होते. त्याने ऐकले नाही. त्याच्या शहरात एक म्हातारा होता, गेली तीस वर्षे त्याची फिल्म तोच धूत असे. दुसऱ्याच्या हाती द्यायची नाही. हा त्याचा हट्ट मी येथे नोंदवून ठेवतो. त्याने माझा दोष हलका होत नाही.

पाऊस होता. जीप दारात उभी होती. एत्तोरे पडवीतल्या खाटेवर गोधडीत गुंडाळून पडला होता. ठकुबाई पायांशी बसली होती. त्याने मला जवळ बोलावले आणि बोलू लागला. पाचेक मिनिटे बोलला असेल. डब्यांत उजेड आहे, पण तो अजून जागा झालेला नाही, असे तो म्हणाला. जागा होईपर्यंत त्याला अंधार हवा. उन्हाची एक तिरीप लागली तर सगळे पुसले जाईल, राब, लावणी, सगळे. डबे ओलीपासून जपावेत. पण ओल आली, बुरशी आली, तरी उघडू नयेत. पाहण्यासाठीसुद्धा उघडू नयेत. हे तिला सांगा, आणि का ते समजावून सांगा. कारण समजले की ती विसरणार नाही.

जीपवाल्याने दुसऱ्यांदा हॉर्न वाजवला. मी ठकुबाईला म्हणालो, "डबे मोलाचे आहेत. ओलीपासून सांभाळ."

"बरं," ती म्हणाली.

एत्तोरेने विचारले, "सगळे सांगितले?"

"सगळे," मी म्हणालो.

दुसऱ्याचा बंद डबा कोण कशाला उघडेल, असे मला वाटले होते. प्रत्येक डब्यावर चिकटपट्टी होती आणि पांढऱ्या कागदावर ठळक इंग्रजीत लिहिले होते की हा उघडू नये, प्रकाशात नेऊ नये. मी ते वाचू शकत होतो. ठकुबाईला अक्षरओळख नव्हती. हे मला तेव्हा सुचले नाही.

आता त्या गुरुवाराकडे येतो. मुरबाडहून आम्ही धसईला उतरलो आणि पायी निघालो. दसरा सरला होता, ऊन कडक होते. लवकर पिकणारे हळवे भात पिवळे पडले होते. एत्तोरे वाटेत दोनदा थांबला आणि यंत्र हातात घेऊन शेताकडे पाहिले. तो खुशीत होता. कापणी आठ दिवसांत उरकू, मग फिल्म घेऊन घरी, असे बोलत होता.

पावसाळा संपून ही उन्हे पडली की आमच्याकडे घराघरांतून सगळी चीजवस्तू बाहेर काढतात. गोधड्या, कडधान्ये, बियाणे, लग्नातले शालू, देवाची वस्त्रे, जमिनीचे कागद. चार महिन्यांची ओल गेली पाहिजे. एक ऊन, दोन उन्हे; फार मोलाचे असेल त्याला तीन. हे मी जन्मापासून पाहत आलो आहे.

ठकुबाईचे अंगण सारवलेले होते. एका बाजूला उडीद पसरले होते, त्यापलीकडे गोधड्या. मध्यभागी धुतलेले पांढरे लुगडे अंथरलेले, त्याच्या चारी कोपऱ्यांवर दगड. लुगड्यावर फिल्मच्या चौदा गुंडाळ्या होत्या. ऊन आत पोहोचावे म्हणून प्रत्येकीचे वेटोळे हलक्या हाताने सैल केलेले होते. ज्या काळ्या पिशव्यांत त्या बांधलेल्या असत, त्या पिशव्या धुऊन दोरीवर वाळत घातल्या होत्या. रिकामे डबे ओळीने भिंतीला टेकवले होते. कावळे हाकण्यासाठी हातात काठी घेऊन ठकुबाई उंबऱ्यावर बसली होती.

"ये रे तोरे," ती म्हणाली. "किती वाळलास. बग, तुजं सामान कसं ठेवलंय. डब्याच्या कडेला बुरशी लागली होती, कुबट वास मारत होता. मास्तर म्हनले होते ना, ओलीपासून सांभाळ. मंग काढलं समदं. आज तिसरं ऊन. आदी कसं पांढुरकं होतं, आता बग कसं पिकलंय."

तीन उन्हे दिली, एवढेच मी एत्तोरेला सांगितले. फिल्मचा रंग खरोखर बदलला होता. फिकट होता तो जांभळट काळा झाला होता.

एत्तोरे जागच्या जागी उभा राहिला. मग सवयीने त्याने यंत्र वर केले, पांढरा घुमट आभाळाकडे धरला, काटा पाहिला आणि यंत्र सोडून दिले. तो लुगड्यापाशी उकिडवा बसला. एक गुंडाळी उचलून टोक उन्हात धरले आणि पुन्हा होती तशी ठेवली. ठकुबाई काठी घेऊन उभी राहिली होती. तिच्या चेहऱ्यावरचा आनंद थोडा डळमळला.

"काय झालं, मास्तर? काय कमी राहिलं का?"

एत्तोरेने वर पाहिले. तिच्याकडे पाहिले, मग माझ्याकडे. मला म्हणाला, "ती काय विचारते?"

मी सांगितले.

तो उठला. म्हणाला, "तिला सांगा, काही कमी राहिले नाही. माझ्या देशात माझ्या कामाला तीन दिवस काठी घेऊन कोणी राखले नसते. सांगा की तिने स्वतःचे चांगले लुगडे अंथरले, ते मी पाहिले. सांगा की माझी आईही असेच करायची, पावसानंतर सगळे बाहेर काढायची. सांगा की मी तिचा आभारी आहे." मग तो थांबला आणि हलक्या आवाजात म्हणाला, "सगळे सांगा, मास्तर. या वेळी लहान करू नका."

तेव्हा मला कळले की त्याला कळले आहे. याविषयी तो याहून अधिक एक शब्दही बोलला नाही, त्या दिवशी नाही आणि नंतरच्या पत्रांतही नाही. मीही बोललो नाही. बोलायला हवे होते.

मी ठकुबाईला सगळे सांगितले. एकही शब्द गाळला नाही. माझ्या आयुष्यात एका दमात मी एवढे कधी बोललो नव्हतो. तिने पदर डोळ्यांना लावला आणि लगेच सावरून म्हणाली, "यवढं काय त्यात. आमी बियानं ठेवतो तसंच. मंग तोरे, शिनेमा कदी दिसल आमाला?"

हे त्याला भाषांतराशिवाय समजले. त्याने मान तिरकी केली.

"अजून नाय," तो म्हणाला.

ठकुबाई खळखळून हसली. आवाज ऐकून रखमी कुंपणाशी आली, तीही हसली. एत्तोरेही हसला. मी हसलो नाही. पण माझ्याकडून तशी अपेक्षा कोणी करत नसे.

तो त्याच दिवशी दुपारच्या बसने गेला. कापणीचे चित्र काढणार नाही का, असे ठकुबाईने विचारले. तब्येत अजून पुरती सुधारलेली नाही, हे कारण मी दिले. ते अगदीच खोटे नव्हते.

पुढचे थोडक्यात. त्याने पुन्हा कॅमेरा धरला नाही. वर्षातून एक पत्र येई, त्यात हवामान आणि भाताची चौकशी. २००३ मध्ये त्याच्या बहिणीचे पत्र आले, तो गेल्याचे. त्यात लिहिले होते की भारतातल्या चित्रपटाचे काय झाले, असे कोणी विचारले तर तो सांगे, ते काम चांगल्या हातांत आहे. ठकुबाई त्यानंतर तीन वर्षांनी गेली. शेवटपर्यंत तिला तो चित्रपट येणार, असे वाटत होते. कल्याणहून मुलगा आला की ती विचारी, तोरेचा शिनेमा लागला का रे? मी समोर असलो तर माझ्याकडे बघून मान तिरकी करी. खरे काय ते मी तिला सांगितले नाही. तिच्या मुलाने पुढे जमीन विकली. तेथे आता मुंबईच्या एका माणसाचे फार्महाऊस आहे, फाटकाला कुलूप असते. राब जाळायची जागा हिरवळीखाली गेली. रखमीच्या शेतात लावणी होते, पण आमच्या गावची ती बायांची लांब रांग मी गेल्या कित्येक वर्षांत पाहिलेली नाही. ती चित्रित झाली होती. नऊ दिवसांची, तीन डब्यांत.

त्या गुरुवारचा शेवट सांगायचा राहिला. जेवण झाले. तांदळाची भाकरी आणि वालाचे बिरडे होते. त्याने दोनदा मागून घेतले. जेवल्यावर त्याने फिल्मच्या गुंडाळ्या आपल्या हाताने गोणपाटाच्या पिशवीत भरल्या, जणू त्या कामाच्या आहेत अशा निगुतीने. ठकुबाईची नजर रिकाम्या डब्यांवर होती.

"हे बी नेतो का रे? झाकन काय गच्च बसतं. बियाला बेस होतील."

मी भाषांतर केले. "तिचेच आहेत," तो म्हणाला.

ती आनंदाने आत चहा टाकायला गेली. बसला अजून अडीच तास होते. एत्तोरेने न्हाणीजवळून पाण्याची बादली, काथ्या आणि राख आणली आणि भिंतीपाशी मांडी घातली. डब्यावरचा पांढरा कागद तो भिजवी, नखाने कड सोडवी आणि सोलून काढी. उघडू नये, प्रकाशात नेऊ नये. राहिलेले अक्षर तो राखेने घासून काढी. गावात शाळा होती, मुले शिकत होती. पुढेमागे त्या घरात कोणीतरी ते वाचून तिला सांगितलेच असते. मी शेजारी बसलो आणि एक डबा घ्यायला हात पुढे केला. त्याने तो दिला नाही.

चौदाही डबे त्याने एकट्याने घासले. सोललेले ओले कागद पिळून खिशात घातले. मग डबे विसळले, आणि झाकणे वेगळी करून, लुगड्यावर ओळीने पालथे घालून, उन्हात वाळत ठेवले.